नदीच्या हक्काची जमीन

पावसाळ्याच्या ऐन भरांत नरसोबाच्या वाडीस एक सोहळा होतो, त्यास दक्षिणद्वार म्हणतात. कृष्णा-पंचगंगेचें पाणी घाटाच्या पायऱ्या चढत मंदिराशीं येतें, उत्तरेच्या दारानें आंत शिरतें, श्रीदत्तगुरूंच्या पादुकांवरून वाहतें आणि दक्षिणेच्या दारानें बाहेर पडतें. त्या पाण्यांत स्नान करावें म्हणून माणसें दूरदूरच्या गांवांहून येतात. पूर म्हणजे संकट. मग संकटाचा सोहळा कां व्हावा? भाविकांचें उत्तर भक्तीचें आहे, आणि तें त्यांच्यापाशीं सुखरूप असो. इतिहासाच्या अभ्यासकास मात्र यांत दुसरी एक गोष्ट दिसते. येथें पाणी येऊंच नये असा कोणी हट्ट धरला नाहीं. तें येणारच, हें मान्य केलें. पण आलेलें पाणी जाईल कोणत्या दारानें, हेंही पाहिलें. आजच्या भाषणांत मला जें सांगावयाचें आहे, तें सारें या दोन दारांत आलें आहे.

वाडीच्या समोर, पंचगंगेच्या दक्षिण तीरावर, कुरुंदवाड वसलें आहे. पटवर्धनांच्या संस्थानाचें हें मुख्य ठिकाण. १८५४ सालीं या संस्थानाच्या थोरली पाती व धाकटी पाती अशा वांटण्या झाल्या, आणि १९४८ सालीं दोन्ही पात्या मुंबई प्रांतांत विलीन झाल्या. सेनापति संताजी घोरपडे यांची समाधि म्हणून जी जागा दाखवितात, तीही येथल्या नदीकांठींच. सरदार गेले, संस्थानें गेलीं. परंतु या गांवाचा खरा धनी बदलला नाहीं. तो धनी म्हणजे संगम.

कासारी, कुंभी, तुळशी, भोगावती आणि गुप्त मानलेली सरस्वती, अशी ही पंचगंगा. तिचें माहेर सह्याद्रींत. गगनबावड्यास वर्षाकाठीं २०० इंचांहूनही अधिक पाऊस कोसळतो; कुरुंदवाड ज्या शिरोळ तालुक्यांत आहे तेथें तो जेमतेम २०-२२ इंच. म्हणजे या गांवाला जो पूर येतो तो येथल्या आभाळाचा नव्हे. डोंगरांतून धांवत आलेली नदी सपाटीवर मंदावते, आणि त्याच वेळीं कृष्णा दुथडी भरून चाललेली असली, तर पंचगंगेला पुढें सरावयास वाट मिळत नाहीं. पाणी मागें फुगतें, कांठ ओलांडतें आणि मैलोगणती शेतांत पसरतें.

या पसरण्याला आपण नासाडी म्हणतों. निसर्गाच्या हिशेबांत ती मशागत आहे. मंदावलेलें पाणी आपल्याबरोबर आणलेला गाळ खालीं टाकतें, आणि त्यानेंच नदीकांठची मळई पिढ्यान्पिढ्या पोसली गेली. कृष्णाकांठच्या वांग्यांची कीर्ति त्या गाळाची आहे. पसरलेल्या पाण्याचा कांहीं भाग जमिनींत मुरून विहिरींना मिळतो. उथळ पाण्यांत मरळीसारखे मासे अंडीं घालतात. पिल्लें तेथेंच वाढतात आणि ओसरत्या पाण्याबरोबर नदींत परततात. ओल्या चिखलावर बगळे व करकोचे चरतात, हिंवाळ्यांत चक्रवाक येतात. शिवाय, जें पाणी येथल्या शिवारांत चार दिवस विसांवा घेतें, तें त्या चार दिवसांत खालच्या गांवांच्या उंबऱ्यावर जाऊन धडकत नाहीं.

अशा भूमीला आपल्या भाषेंत पाणथळ म्हणतात. १९७१ सालीं इराणांतील रामसर गांवीं निरनिराळ्या राष्ट्रांनीं पाणथळ भूमींच्या रक्षणाचा करार केला. भारत त्यांत १९८२ सालीं सामील झाला. त्या करारांतील पाणथळाची व्याख्या पुष्कळ व्यापक आहे, आणि नद्याही तींत येतात. आपल्या देशाच्या २०१७ सालच्या नियमांनीं मात्र नदीचें पात्र त्या व्याख्येंतून वगळलें. नाशिक जिल्ह्यांतील नांदूर-मधमेश्वर हें महाराष्ट्रांतील पहिलें रामसर स्थळ. गोदावरी व कादवा यांच्या संगमावर बांधलेल्या बंधाऱ्यामुळें तें निर्माण झालें, आणि तें सुरक्षित झालें याचा आनंदच आहे. पण कुरुंदवाडच्या संगमासारखी जी भूमि वर्षांतून थोडेच दिवस पाण्याखालीं असते आणि एरवीं शेत म्हणून नांदते, तिचें नांव कोणत्याही यादींत सहसा लागत नाहीं. पाणी असतें तेव्हां ती आपत्ति. पाणी नसतें तेव्हां ती मालमत्ता.

आतां मागील शतकांत आपण काय केलें तें पाहूं. पंचगंगेवर जागोजाग बंधारे झाले. पावसाळा संपला कीं त्यांत बरगे घालावयाचे आणि पाणी अडवावयाचें, ही कोल्हापुरी पद्धत मोठी हुशारीची. तिनें उन्हाळ्यांत हजारों कुटुंबें जगविलीं. परंतु वाहती नदी त्यायोगें डबक्यांची माळ बनली, आणि त्या डबक्यांत वरच्या शहरांचें सांडपाणी व कारखान्यांचें मैलापाणी येऊन सांठूं लागलें. केंदाळ माजलें. तेरवाडच्या बंधाऱ्याशीं मेलेल्या माशांचा खच पडल्याचें वृत्त एकदां नव्हे, अनेकदां आलें. २०१२ सालीं इचलकरंजीस काविळीची जी भयंकर साथ आली, तिनें दूषित पाणी माणसालाही सोडीत नाहीं हें दाखविलें.

दुसरीकडे ऊंस आला. ऊंसानें या तालुक्यास पैसा दिला, शाळा दिल्या, प्रतिष्ठा दिली. हें नाकारणें कृतघ्नपणाचें होईल. पण काळ्या जमिनीस बारमाही पाणी मिळालें आणि निचरा मिळाला नाहीं. खालचे क्षार वर आले, जमिनी पांढऱ्या पडल्या. येथला शेतकरी त्यांनाही पाणथळच म्हणतो. शब्द एक, पण अर्थांत जमीन-अस्मानाचें अंतर. एका पाणथळांत पाणी येतें आणि जातें. तें जिवंत असतें. दुसऱ्यांत पाणी येतें आणि राहतें, तें मारतें. एकच दार असलेल्या घरासारखी त्या जमिनीची गत झाली आहे. अलीकडे शिरोळ तालुक्यांतील शेतकरी जमिनीच्या पोटांत सच्छिद्र नळ घालून तें पाणी बाहेर काढूं लागले आहेत, आणि मेलेल्या रानांत पुन्हां पीक डोलूं लागलें आहे. त्यांनीं जमिनीला दुसरें दार दिलें.

आणि मग महापूर आले. २००५, २०१९, २०२१. कोल्हापुराजवळच्या राजाराम बंधाऱ्यावर ४३ फूट ही धोक्याची पातळी. २०१९ च्या ऑगस्टांत पाणी ५५ फुटांच्या वर गेलें. कुरुंदवाडास पाण्याचा वेढा पडला. दावीं सोडलेलीं जनावरें, नावेंत बसविलेलीं म्हातारीं माणसें, चिखलानें भरलेले संसार, हें दृश्य ज्यांनीं पाहिलें त्यांना पुराची थोरवी सांगणें निर्दयपणाचें आहे. कर्नाटकांतील अलमट्टी धरणाकडे लोकांनीं बोट दाखविलें. तो वाद अजून मिटलेला नाहीं. शासनानें नेमलेल्या वडनेरे समितीनें आपल्या २०२० सालच्या अहवालांत अतिवृष्टीबरोबर पूरक्षेत्रांतील अतिक्रमणांकडेही लक्ष वेधलें. नदीच्या विसांव्याच्या जागेवर भराव पडले, रस्ते उंचावले, वस्ती उतरली. म्हणजे जाण्याचें दार आपणच अरुंद केलें.

अरुंद झालेलें दार पुन्हां उघडतां येतें काय? ओरिसांतील चिल्का सरोवराचें मुख गाळानें भरून गेलें होतें. २००० सालीं समुद्राकडे नवें मुख खणलें, खारें पाणी परतलें, मासे परतले, आणि धोक्यांतील पाणथळांच्या जागतिक यादींतून २००२ सालीं त्याचें नांव निघालें. उलट, आपल्याच कृष्णेच्या आणि गोदावरीच्या मुखांमधील कोल्लेरू सरोवरांत मत्स्यतळ्यांनीं पाण्याची वाट अडविली. २००६ सालीं सरकारनें ते बांध फोडले. पण ज्यांची पोटें त्या तळ्यांवर होतीं त्यांची सोय पुरती झाली नाहीं, आणि कित्येक तळीं पुन्हां उभीं राहिलीं. नदीचा हक्क माणसाला वगळून राखतां येत नाहीं, हा कोल्लेरूचा धडा.

म्हणून, श्रोतेहो, नदीची जमीन नदीला द्या, असें शहरांत बसून सांगणें सोपें आहे. कुरुंदवाडच्या शेतकऱ्याची तीन एकरें त्याच जमिनींत आहेत. पण त्याची ती तीन एकरें बुडतात, तेव्हां आपल्यासारख्यांच्या घरांवरचें पाणी टळतें. त्याच्या बंधाऱ्याशीं जें कुजतें, तें आपल्या मोरींतून गेलेलें असतें. आणि त्याच्या रानांत जो क्षार वर येतो, त्याची साखर आपल्या चहांत असते. पूरक्षेत्रांत नवा भराव घालूं देऊं नये, शहरांनीं आपलें सांडपाणी शुद्ध करूनच नदींत सोडावें, आणि जी मळई नदीसाठीं मोकळी राहील तिच्या धन्यास त्याचा मोबदला मिळावा, एवढें तर आपण मागूं शकतों. आणि त्याचा खर्च केवळ नदीकांठच्या माणसानें सोसावा, असें म्हणण्याचा आपणांस अधिकार नाहीं.

पुढच्या पावसाळ्यांत पाणी पुन्हां वाडीच्या उत्तरद्वारीं येईल. त्याला कोणी बोलावणार नाहीं आणि कोणी थांबवूंही शकणार नाहीं. दक्षिणेचें दार उघडें ठेवणें, एवढेंच आपल्या हातीं आहे.