आपबीती हाच आपला दस्तऐवज

अत्याचार झालेल्याला पहिला सल्ला मिळतो तो गप्प बसण्याचा. ‘गावातच राहायचंय, कशाला वाढवता?’ अंबडपासून भोकरदनपर्यंत जालना जिल्ह्यातल्या वस्त्यांना हा सल्ला चांगला ठाऊक आहे. या सल्ल्याचा फायदा फक्त अत्याचार करणाऱ्याला होतो. आपली परंपरा मात्र बोलण्याची आहे, आणि तिचा एक धडा आपल्या शेजारीच घडला.

1934 साली बाबासाहेब सुमारे तीस सहकाऱ्यांसह वेरूळची लेणी पाहायला निघाले. वाटेत दौलताबादच्या किल्ल्याबाहेरच्या हौदावर काहींनी तोंड-पाय धुतले. पाणी बाटवलं म्हणून एका वृद्धाने आरडाओरड केली, जमाव चालून आला. शेवटी आत सोडलं, पण कुठे पाण्याला हात लावू नये म्हणून सोबत सशस्त्र शिपाई दिला. हा मुलूख तेव्हा निजामाचा होता. आपलं जालना त्याच औरंगाबाद जिल्ह्यातला तालुका. गोलमेज परिषद गाजवून आलेल्या बॅरिस्टरची ही गत, तर खेड्यातल्या माणसाची काय असेल?

बाबासाहेबांनी हा अपमान गिळला नाही. ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’मध्ये तो लिहिला. लहानपणी गोरेगावला जाताना झालेले हाल, बडोद्यात राहायला न मिळालेली जागा आणि इतरांवर गुदरलेले प्रसंगही त्यात लिहिले. अस्पृश्यता परदेशी वाचकाला कळावी म्हणून त्यांनी व्याख्या न देता प्रसंग सांगितले. स्वतःचं दुःख त्यांनी समाजाच्या बाजूचा पुरावा केला.

बेबीताई कांबळेंनी फलटणच्या दुकानात बसून घरच्यांपासून लपवत ‘जिणं आमुचं’ लिहिलं. वीसेक वर्षांनी, 1986 साली ते पुस्तक झालं. त्यात महारवाड्यातल्या सुनांचा छळ आहे. नवऱ्याची मारहाण मात्र त्या पुढे मुलाखतीत बोलल्या. सांगणं मन हलकं करतं, पण काय आणि कधी सांगायचं हे सांगणाऱ्याच्याच हातात हवं. आणि घरातला अत्याचार बाहेरच्या अत्याचाराइतकाच बोलण्याजोगा आहे, हेही आपण त्यांच्याकडून शिकायला हवं.

म्हणून कार्यकर्त्यांनो, पीडितेला प्रत्येक सभेत उभं करून तीच जखम पुन्हा उघडू नका. तिची संमती घ्या. ती ‘नको’ म्हणाली तर विषय तिथेच थांबवा. ती बोलायला तयार असेल तर तारीख, वेळ, जागा, साक्षीदार तिच्याच शब्दांत लगेच लिहून ठेवा. 1989च्या अॅट्रॉसिटी कायद्यातल्या 2015च्या दुरुस्तीने कलम 4 बळकट झालं: तोंडी तक्रार लिहून घेतल्यावर सहीआधी ती वाचून दाखवणं आणि नोंदवलेल्या माहितीची प्रत ताबडतोब देणं हे पोलीस ठाण्यावर बंधनकारक आहे. कलम 15अ पीडित आणि साक्षीदारांना संरक्षणाचा हक्क देतं. वाचून दाखवलेल्या कागदात तिचा शब्द बदललेला दिसला तर सही करू नका, दुरुस्ती मागा.

गावच्या दप्तरात आपलं दुःख कुणी लिहून ठेवलं नाही. ते आपणच लिहायचं आहे, सांगणाऱ्याची मान खाली न घालता.

जय भीम!