चंद्रा, एन.
हिंदी चित्रपटांचे मराठीभाषक संकलक, दिग्दर्शक, निर्माते व पटकथाकार. मूळ नाव चंद्रशेखर नार्वेकर. जन्म मुंबई येथे.

चित्रपटसृष्टीतील उमेदवारी गुलजार यांच्याकडे (पहा : गुलजार) साहाय्यक म्हणून झाली. पुढे संकलन हा मुख्य व्यवसाय ठरला आणि दिग्दर्शक झाल्यावरही संकलनाची कात्री त्यांनी सोडली नाही.

पहिला दिग्दर्शित चित्रपट ‘अंकुश’ (1986). मुंबईच्या वस्तीतले चार बेकार तरुण, नाक्यावरचा त्यांचा रिकामा वेळ आणि अत्याचारानंतर त्यांनी घेतलेला सूड हे त्याचे कथानक. 1982 च्या गिरणी संपानंतरच्या मुंबईचा (पहा : गिरणी संप) हा अस्सल दस्तऐवज होय. त्यातील रवींद्रच्या भूमिकेने नाना पाटेकर (पहा) घरोघरी पोहोचले. ‘प्रतिघात’ (1987) हा ‘प्रतिघटना’ या तेलुगू चित्रपटावर आधारित होता.

‘तेजाब’ची (1988) निर्मिती, दिग्दर्शन व संकलन त्यांचेच. तडीपार मुन्नाची कथा सरळ न सांगता ती पूर्वदृश्यांतून उलगडत जाते; संकलकाची नजर इथे सर्वांत स्पष्ट दिसते. ‘एक दो तीन’ या गाण्याआधी ‘मोहिनी’ नावाचा गजर करणारी गर्दी दिसते आणि नंतरच माधुरी दीक्षित (पहा) रंगमंचावर अवतरते. याच गाण्यासाठी सरोज खान यांना नृत्यदिग्दर्शनाचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला.

‘नरसिंहा’ (1991), ‘वजूद’ (1998) यांनंतर ‘स्टाइल’ (2001) व ‘एक्सक्यूज मी’ (2003) हे विनोदी चित्रपट त्यांनी दिग्दर्शित केले. (पहा : चित्रपट संकलन, हिंदी चित्रपट).