जागल : तेव्हाची आणि आताची

धान लोंबीवर आला आहे. रानडुकरांमुळे रात्री बांधीवर जावंच लागते. काल माचीवर एकटाच होतो, तेव्हा डोक्यात आलं ते लिहितो.

वाघाची भीती आपल्या मुलखाला नवी नाही. ताडोबा हे नावच एका माणसावरून पडलं. जुने लोक सांगतात, तारू नावाचा गावप्रमुख वाघाशी झुंजताना मेला. लोकांनी तलावाकाठी झाडाखाली त्याचं ठाणं मांडलं, तो देव झाला. पौषात आदिवासी बांधव तिथं जत्रेला यायचे. एक माणूस गेला तर दुःख अख्ख्या मुलखानं वाटून घेतलं.

१९५५ मध्ये ताडोबा राष्ट्रीय उद्यान झालं. १९७२ च्या कायद्यानं वाघाची शिकार बंद झाली. १९८६ ला अंधारी अभयारण्य, १९९५ ला दोन्ही मिळून व्याघ्र प्रकल्प. वाघ वाढले, चांगलंच झालं. पण वाघाला हद्द समजत नाही. ब्रह्मपुरी, सिंदेवाही, वडसा भागातलं बरंच जंगल प्रकल्पाबाहेरचं, थेट आपल्या बांध्यांना लागून. ऑक्टोबर २०२२ मध्ये वडश्याच्या जंगलात सीटी-१ वाघ पकडला, त्यानं १३ माणसं मारल्याची नोंद होती. मे २०२५ मध्ये सिंदेवाही तालुक्यात तेंदूपानाला गेलेल्या तीन बाया एकाच दिवशी गेल्या. आता वारसांना २५ लाखांची मदत मिळते. ती मिळायलाच पाहिजे. पण ठाणं कोणाचं होत नाही, चार दिवसांत नावही विसरतात.

माझ्या लहानपणी जागलीला धुऱ्याधुऱ्यावर माणूस असे. एका माचीवरून हाळी दिली की दुसरीवरून उत्तर यायचं. टिनाचे डबे वाजायचे, शेकोट्या दिसायच्या. उत्तर आलं नाही तर लोक टेंभे घेऊन धावत.

आता शेजाऱ्याचं शेत ठेक्यानं, पोरं पुण्याला कंपनीत. कोणी झटका मशीन लावून घरी झोपते. हाळी दिली तर उत्तर येत नाही. घरी बायको जागीच असते. दर तासाला मी मिस कॉल देतो, म्हणजे तिला समजते मी आहे. सकाळी चहाच्या टपरीवर भाव आणि बोनस यावर बोलतो, रात्रीचं कोणीच काढत नाही. मीही नाही.

म्हणून आज इथं लिहिलं. यंदा आम्ही तिघा धुरेकऱ्यांनी जागलीची पाळी लावायचं ठरवलं, दोघं-दोघं मिळून. तुमच्याकडं जागलीला कोण सोबत असते, सांगा.