प्रतीचे कुळ आणि मूळ

१९५३ साली आचार्य अत्रे यांचा ‘श्यामची आई’ पडद्यावर आला, तो ३५ मिलिमीटर फिल्मवरून. त्या काळचे चित्रपट आज बेळगावजवळच्या मच्छे गावातील रसिक हातातल्या फोनवर पाहू शकतो. मात्र श्रोतेहो, प्रतीवरील ‘१०८०’ हा आकडा पाहून हुरळून जाऊ नये.

हा आकडा चित्रातील आडव्या ओळींचा होय. मूळ कोणते, हे तो सांगत नाही. आपल्याकडच्या डीव्हीडीवर ५७६ ओळी असत. त्या ताणून १०८० केल्या, तरी गेलेला तपशील परतत नाही. घागर मोठी घेतली म्हणून पाणी वाढत नाही! यास्तव उगमाचा शब्दही वाचावा. ‘ब्ल्यू-रे’ म्हणजे तबकडीवरून, ‘वेब’ म्हणजे इंटरनेटवरील सेवेतून, आणि ‘कॅम’ म्हणजे चित्रगृहात पडद्यासमोर कॅमेरा धरून चोरलेली प्रत.

साऱ्यांचे मूळ ती जुनी फिल्म. तिच्या जतनासाठी १९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले. तरीही २००३ साली तेथील आगीत कित्येक नायट्रेट फिल्म भस्मसात झाल्या. मूळच नष्ट झाल्यावर, ‘४के’चा आकडा तरी कशावर चढवावा?