साम्राज्याची वही तपासणारा व्यापारी

घाटकोपरहून निघालेली मेट्रो अंधेरी ओलांडून वर्सोव्यास पोचण्यापूर्वी डी. एन. नगर स्थानकावर थांबते. या दोन अक्षरांमागे दादाभाई नौरोजी उभे आहेत, हे तेथे चढउतार करणाऱ्यांपैकी थोड्यांच्याच ध्यानी येत असेल. आयुष्याच्या संध्याकाळी ते याच परिसरात, वर्सोव्याच्या समुद्रकाठी, येऊन राहिले होते. पितामहांची शुभ्र दाढी आपल्या परिचयाची आहे. परंतु तिच्याआड एक व्यापारी होता, आणि त्याला ओळखल्यावाचून त्यांचे राजकारण नीट उमगत नाही.

मूळच्या नवसारीच्या एका गरीब पारशी पुरोहिताच्या घरी 1825 साली दादाभाईंचा जन्म झाला. वडील लवकर वारले. आई माणेकबाईंनी मुलाला वाढवले. तिशी उलटण्यापूर्वीच ते एल्फिन्स्टन विद्यालयात गणिताचे प्राध्यापक झाले. हिंदी माणसाला असा मान तोवर लाभला नव्हता. तो सोडून 1855 साली ते कामा मंडळींचे भागीदार म्हणून लंडनला गेले. विलायतेत उघडलेली ही पहिली हिंदी पेढी. पण अफू आणि दारू यांच्या व्यापाराचा पैसा त्यांच्या मनास मानवेना. ते पेढीतून बाहेर पडले आणि 1859 साली त्यांनी स्वतःचा कापसाचा व्यापार मांडला.

जमेची आणि खर्चाची बाजू जुळली पाहिजे, हे व्यापाऱ्याच्या रक्तातच भिनलेले असते. तीच नजर दादाभाईंनी साम्राज्याच्या वहीकडे वळवली. हिंदुस्थानातून जितका माल बाहेर जातो तितक्या मोलाचा माल अथवा पैसा परत येत नाही. मग मधली रक्कम जाते कोठे? साहेबांचे पगार, त्यांची पेन्शने, विलायतेतील कारभाराचा खर्च अशा अनेक वाटांनी ती निघून जाते, हे त्यांनी सरकारच्याच आकड्यांवरून दाखवले. माणशी वार्षिक उत्पन्न त्यांनी सुमारे 20 रुपये काढले, आणि तुरुंगातील कैद्याच्या अन्नवस्त्रावर सरकार याहून अधिक खर्च करते, हे शेजारी मांडून ठेवले. शिव्याशाप नाहीत, आक्रोश नाही, नुसता हिशेब. राज्यकर्त्यांना बोचला तो हाच.

हिशेब दाखवला की इंग्रज आपण होऊन देणे फेडील, अशी त्यांची श्रद्धा होती. 1886 साली ते पार्लमेंटच्या निवडणुकीत पडले. 1888 साली पंतप्रधान सॉल्झबरी यांनी 'काळा माणूस' म्हणून त्यांची हेटाळणी केली. तरीही 1892 साली लंडनच्या सेंट्रल फिन्सबरी मतदारसंघातून, हाताच्या बोटांवर मोजता येतील इतक्या मताधिक्याने का होईना, ते निवडून आले. सनदी नोकरीची परीक्षा हिंदुस्थानातही घ्यावी, असा ठराव कॉमन्स सभेत 1893 साली मंजूर झाला. सरकारने तो बासनात बांधून ठेवला. देणे कबूल, पण फेड नाही! 1895 साली त्यांची जागाही गेली.

व्यापारी माणूस बुडीत येणे ओळखतो. दादाभाईंना ते ओळखण्यास फार वर्षे लागली, हे खरेच. इंग्रजांच्या न्यायबुद्धीवर त्यांनी गरजेहून अधिक काळ उधारी ठेवली, असे कोणी म्हटले तर त्याला खोटे ठरवता यायचे नाही. पण 1906 साली, वयाच्या एक्याऐंशीव्या वर्षी, कलकत्त्याच्या काँग्रेसच्या अध्यक्षपदावरून त्यांनी 'स्वराज्य' हा शब्द उच्चारला. आवाज थकला होता; भाषण गोखल्यांनी वाचून दाखवले. मागणी आता सवलतीची नव्हती, वहीच आपल्या हाती देण्याची होती.

त्यानंतर 1907 साली ते मायदेशी परतले आणि वर्सोव्यास विसावले. 30 जून 1917 रोजी मुंबईत त्यांचा अंत झाला. पुढच्या पिढ्यांनी आंदोलने केली, तुरुंग भरले. पण आपण भीक मागत नसून येणे मागत आहोत, हा विश्वास त्यांना ज्या वहीने दिला, ती या कापसाच्या व्यापाऱ्याने लिहिली होती.