वेरूळचा डोंगर : अद्भुत आणि कारागीर

वेरूळच्या कैलास लेण्याविषयीच्या दोन संहिता डोंगराला अद्भुताच्या कक्षेत नेतात. राष्ट्रकूट कर्कराजाच्या इ.स. ८१२-१३ च्या बडोदे ताम्रपटानुसार, हे मंदिर पाहून विमानस्थ देव थक्क झाले. आपल्या हातून हे घडले कसे, याचे खुद्द शिल्पीलाही नवल वाटले. ताम्रपटात कृष्णराजाचे नाव आहे. शिल्पी मात्र अनाम.

कृष्ण याज्ञवल्कीच्या ‘कथाकल्पतरू’त चित्र पालटते. राजाच्या व्याधिमुक्तीसाठी राणीने मंदिराचा नवस केला आणि शिखर दिसेपर्यंत अन्न वर्ज्य केले. राणीचा जीव पणाला लागला असता पैठणच्या कोकसाने डोंगर माथ्यापासून कोरण्यास घेतला आणि शिखर आधी दाखविले.

ही दंतकथा म्हणून बाजूस सारणे सोपे. परंतु कैलास खरोखरच वरून खाली कोरलेला आहे. अद्भुत म्हणजे वास्तवापासून पलायन, हा आपल्या समीक्षेतील रूढ निकष येथे अपुरा पडतो. कोकस ही ऐतिहासिक व्यक्ती असो वा नसो, बसाल्टच्या कातळावरील श्रमाची रीत आणि कारागिराला नाव असते ही जाणीव राजशासनाने नव्हे, चमत्कारकथेने जपली. अद्भुताची मीमांसा करताना म्हणूनच प्रथम विचारावे : यात कोणाचे हात दिसतात?