गण, गौळण आणि भुताचा खेळ

दिवाळीत पुण्याहून पुतण्याचा मुलगा आला होता. वय सत्तावीस, नोकरी संगणकाची. रात्री ओट्यावर बसून त्याने मला भुताच्या व्हिडिओ गेम्सची दुनिया समजावली. मोठी कंपनी पाठीशी नसताना एकट्यादुकट्याने बनवलेले खेळ. स्कॉट कॉथन नावाच्या अमेरिकन गृहस्थाने २०१४ साली असाच एक काढला. पिझ्झाच्या दुकानात रात्रपाळीचा पहारेकरी, आणि अंधारात त्याच्या अंगावर येणारी यांत्रिक जनावरं. खेळ जगभर गाजला. मग अशा खेळांची चाहत्यांनीच विडंबनं केली, त्यातली काही अगदी चावट, फक्त मोठ्यांसाठी.

"आबा, तुम्हाला दाखवण्यासारखं नाही ते," म्हणत तो लाजला.

मला हसू आलं. लेण्याद्रीच्या पायथ्याशी, जुन्नर तालुक्यात जन्म काढलेल्या माणसाला चावट विडंबनाचं काय नवल?

आमच्या नारायणगावाला तमाशाची पंढरी म्हणतात. गुढीपाडव्याच्या सुमारास तिथे फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावची पंचमंडळी जत्रेची सुपारी द्यायला येतात. तमाशाची सुरुवात गणाने, म्हणजे गणपतीच्या नमनाने. लगेच गौळण. देवळातल्या कीर्तनात ज्या कृष्णापुढे हात जोडायचे, तोच इथे मथुरेच्या बाजाराची वाट अडवतो, आणि मावशी दुहेरी अर्थाचे टोले हाणते. पुढे वगात सोंगाड्या भर दरबारात राजाची टर उडवतो. ज्याला भ्यायचं, त्यालाच हसायचं! अमेरिकेतल्या 'चाइल्ड्स प्ले' (१९८८) या भयपटातल्या बाहुल्याने लोकांना घाबरवलं. तशाच बाहुल्याचा तात्या विंचू करून महेश कोठारे यांनी 'झपाटलेला'मध्ये (१९९३) आपल्याला हसवलंही.

हे सगळं मी त्या रात्री मोठ्या ऐटीत सांगितलं. पण एक गोष्ट सांगितली नाही, ती इथे लिहितो.

स्वातंत्र्यानंतर बाळासाहेब खेर यांच्या सरकारने अश्लील म्हणून तमाशावर बंदी घातली. पुढे सुधारणेच्या अटी घालून ती उठवली. आम्हा शिक्षकांच्या मनातली बंदी मात्र उठली नाही. १९८३ साली माझ्या वर्गातल्या एका मुलाने मधल्या सुट्टीत माझीच नक्कल केली. अगदी सोंगाड्याच्या थाटात, आणि हुबेहूब. त्यात वावगा शब्द एकही नव्हता. त्याची आई फडात नाचायची. "हा तमाशा इथे नको," म्हणून मी त्याला छड्या मारल्या. दुसऱ्या दिवसापासून तो शाळेत आला नाही. मीही चौकशीला गेलो नाही.

विठाबाई नारायणगावकरांना दोनदा राष्ट्रपतींच्या हस्ते गौरव मिळाला. तरी २००२ साली त्या गेल्या, त्या हलाखीतच. चावट बोलावर हसलो आपण, बदनामी आली त्या बायकांच्या आणि त्यांच्या लेकरांच्या वाट्याला. गेममधली बाहुली चित्रातली. तिला जात नाही, गाव नाही, शाळेत जाणारं पोर नाही. मोठ्यांचा खेळ मोठ्यांतच राहिला, लहानांच्या हाती लागला नाही, तर माझी त्याला हरकत नाही.

असो. पाडव्याच्या दिवसांत नारायणगावातून जाताना मी अजून एसटीच्या खिडकीतून राहुट्यांकडे बघतो. त्या मुलाने आता पन्नाशी ओलांडली असेल. दिसला तरी मला ओळखू यायचा नाही. पण माझी नक्कल त्याने पुन्हा करून दाखवली, तर मी नक्की ओळखेन.